इकडे बघू नका

कॅमेरा ट्रायपॉडवर चढवला की संजीव समोरच्या माणसाला एकच वाक्य सांगायचा, "इकडे बघू नका." इथे आयर्लंडमधल्या लोकांना तेच इंग्रजीतून. त्यानंतर तो गप्प. काही विचारायचं नाही, खुर्ची सरकवायची नाही, पडदा ओढायचा नाही, "पुन्हा एकदा करा" म्हणायचं नाही. माणूस कांदा चिरत असेल तर कांदा संपेपर्यंत हा बघत बसणार.

हे त्याला मिरजेने शिकवलं होतं, पण उलट्या बाजूने. तिथे त्याच्या वडिलांचा फोटो स्टुडिओ होता. बाहेर बाकावर भांडत, हसत, पोरांची नाकं पुसत बसलेलं कुटुंब आत यायचं, वडील एक बोट वर करून "हं, इकडे बघा!" म्हणायचे, आणि त्या शब्दासरशी सगळ्यांचं लाकूड व्हायचं. "अर्धी मिरज आमच्या भिंतीवर मेल्यासारखी बघत होती, वहिनी," तो मला म्हणाला होता. "आणि बाहेर बाजारात तीच माणसं जिवंत फिरत होती. तेव्हाच ठरवलं, आपण कधी कुणाला इकडे बघा म्हणायचं नाही."

शॅननच्या एका कारखान्यात हृदयापर्यंत सरकवायच्या बारीक नळ्या बनतात. त्या भिंगाखाली धरून ओरखडा शोधणं ही संजीवची नोकरी. आमचे हे त्याच कारखान्यात, म्हणून ओळख झाली. पुढे एनिसमध्ये आमच्याच वसाहतीत, समोरच्या रांगेत त्याने घर भाड्याने घेतलं. चाळिशी उलटलेली, एकटा. लग्न केलं नाही की झालं नाही, ते आम्ही कधी विचारलं नाही. त्यानेही आम्हाला कधी काही विचारलं नाही. विचारणं त्याच्यात नव्हतंच. पण मला ताप आला आणि हे प्रवासात होते, तेव्हा दारात पातेलंभर मऊ भात ठेवून गेला होता. बेल वाजवून पळाला, लहान मुलं पळतात तसा.

सुटीच्या दिवशी तो गावातली साधी माणसं टिपायचा. केस कापणारा, मैदानाच्या कडेला पोरांचे कोट धरून उभे असलेले बाप, चर्चची फरशी पुसणारी बाई. आपल्या गणपतीतसुद्धा त्याने असंच चित्रण केलं आणि नंतर हॉलच्या भिंतीवर दाखवलं. आरती त्यात जेमतेम होती. मागच्या खोलीत भांडी घासणारे हात होते, खुर्चीत घोरणारे एक काका होते. आमच्या मंडळाची सुनेत्रा भडकली.

"पैठणी नेसून दिवसभर बसले मी, आणि तू काय काढलंस माझं? कोपर!"

"कोपर बोलत होतं, सुनेत्रा."

"मग पुढच्या वर्षी मोदक वळायला कोपरालाच बोलाव हं."

सगळे हसले. पण घरी येताना हे मला म्हणाले, "त्या घोरणाऱ्या माणसाच्या पायात दोन वेगवेगळे मोजे होते. बायको गेल्यापासून कुणाच्या लक्षात आलं होतं का?" नव्हतं आलं. मीही रोज त्यांना भेटत होते.

मग २०२० चा मार्च आला. सत्तरीच्या वरच्यांनी घराबाहेर पडू नये असा हुकूम निघाला. त्याला इथे 'कोकूनिंग' म्हणत, जणू आत बसलेल्या म्हाताऱ्यांना काही दिवसांनी पंख फुटणार होते. आमच्या रांगेच्या टोकाला नोरा हेहिर राहायची. ऐंशी ओलांडलेली, नवरा जाऊन बरीच वर्षं झालेली. एकुलती मुलगी शिनेड ऑस्ट्रेलियात, पर्थला. नोराच्या स्वयंपाकघराची खिडकी थेट फुटपाथवर उघडायची. संजीव तिला दूध-पाव आणून द्यायचा, तिचा कचऱ्याचा बिन रस्त्याला लावायचा. एक दिवस त्याने खिडकीबाहेर उभं राहून विचारलं, सकाळचा तुमचा चहा मी टिपला तर चालेल का?

"म्हणजे मी करायचं काय?"

"रोज जे करता ते."

"रोज मी काहीच करत नाही."

"तेच हवंय मला."

"देवा रे! एवढा शिकलेला माणूस, म्हातारीचं रिकामं बसणं बघायला आलाय. आणि माझ्या तोंडाकडे बघून तुझी काच तडकली तर भरून मागायची नाही, सांगून ठेवते."

असं ते सुरू झालं. त्याची पाळी दुपारची असली की सकाळी तो फुटपाथवर कॅमेरा लावायचा. आतला आवाज काचेतून नीट येत नाही, म्हणून त्याने तिला आवाज टिपायचं एक लहान यंत्र दिलं होतं. ते आतल्या बाजूला खिडकीच्या कट्ट्यावर असायचं. तो आला की ती त्याचं लाल बटण दाबायची. मग किटली, मग बरणीतली बिस्किटं, मग रेडिओ. इथे सकाळी रेडिओवर आसपास कोण कोण वारलं त्यांची नावं वाचतात. नोरा ती नावं कप हातात धरून ऐकायची. ओळखीचं नाव आलं की छातीवर क्रूस करून एक घोट घ्यायची.

सुरुवातीला ती सारखी कॅमेऱ्याकडे बघायची, हात हलवायची, केस नीट करायची. संजीवने तिला समजावलं, "नोरा, मी इथे नाहीच असं समजा. इकडे बघू नका." तिने ते शाळेतल्या मुलीसारखं मनावर घेतलं. एकदा मी त्या वेळी तिथून जात होते. खिडकीतून मला पाहिलं आणि मी हात केला, तरी ती भिंतीकडे तोंड करून ढिम्म बसली. दुपारी तिचा फोन आला, "रागावू नकोस गं, युअर मॅनचं शूटिंग चालू होतं." इकडे ज्याच्याबद्दल बोलणं चालू आहे तो कुणीही पुरुष 'युअर मॅन' असतो. मी संजीवला चिडवलं, "लग्नाआधीच कुणाचा तरी मॅन झालास." तो लाजला.

आणखी एक शब्द इथे सांगायला हवा. 'ग्रँड'. नवीन आलेल्या आपल्या माणसाला वाटतं, ग्रँड म्हणजे भव्यदिव्य. तसं नाही. ग्रँड म्हणजे ठीक. ग्रँड म्हणजे चहा नको. ग्रँड म्हणजे चौकशी पुरे, आता जा. ग्रँड म्हणजे पाय मोडलाय, पण तुम्ही कशाला त्रास घेता. आपल्याकडच्या 'बरं'सारखं आहे ते. बरं म्हणजे हो, बरं म्हणजे नाही, बरं म्हणजे बघून घेईन. कोण कसं म्हणतंय त्यावर सगळं. "नोराच्या ग्रँडचे प्रकार मी वेगळे काढतोय," संजीव हसत सांगायचा. "चित्रपटात नुसते तेवढेच ठेवले तरी चालेल."

माझी वैदेही तेव्हा पोर्टलीशच्या इस्पितळात शिकाऊ डॉक्टर होती. वर्षभर रोज मी तिला मराठीतून बरी आहेस ना विचारायचे आणि ती इथल्या हेलात तेच सांगायची, "आय अ‍ॅम ग्रँड, आई." फोन ठेवला की मी ते ग्रँड हातात घेऊन बसायचे, कुठे चिरलंय का बघत.

२०२१ च्या जानेवारीत साथ सगळ्यात वाईट होती. त्या महिन्यात एका सकाळी संजीव नेहमीप्रमाणे कॅमेरा घेऊन निघाला, तर नोराचा पडदा वरच होता आणि दिवा जळत होता. ती रात्री दिवा कधी ठेवत नसे. ती खुर्चीत होती. त्याने काच वाजवली, दार वाजवलं, मग फोन केले. डॉक्टर आले, पोलीस आले, गावातला पुतण्या आला. हृदय थांबलं होतं, बहुधा आदल्या दिवशीच. डॉक्टर म्हणाले, फार वेळ लागला नसावा.

संध्याकाळपर्यंत वसाहतीत एकच वाक्य फिरत होतं. पटकन गेली, स्वतःच्या स्वयंपाकघरात गेली, इस्पितळात नळ्या लावून एकटी नाही गेली. त्या दिवसांत यापेक्षा चांगलं मरण कुणाला ठाऊक नव्हतं. पर्थला शिनेडलाही सगळ्यांनी तेच सांगितलं. दुसऱ्या दिवशी रेडिओवर नोराचं नाव वाचलं. मी कप खाली ठेवला.

चर्चमध्ये दहाच माणसांना परवानगी होती. शिनेडला तिथून निघताच येईना, तिने सगळं चर्चच्या छतालगतच्या कॅमेऱ्यातून पाहिलं. आम्ही उरलेले रस्त्याच्या दोन्ही कडांना अंतर राखून उभे राहिलो. शववाहिनी नोराच्या घरासमोर थांबली आणि पुन्हा निघाली. सगळ्यांना वाटलं होतं, संजीव कॅमेरा आणेल. त्याने आणला नव्हता. हात कुठे ठेवावे हे त्याला कळत नव्हतं.

पुढच्या आठवड्यात पुतण्याने घर आवरताना खिडकीतलं ते यंत्र त्याला परत दिलं. बॅटरी संपलेली होती. ते चार्ज करून त्याने ऐकलं आणि दुसऱ्या दिवशी सकाळी तो आमच्या दारात आला. तेव्हा कुणाच्या घरात जायची बंदी होती. मी गॅरेजचं दार उघडलं, दोन खुर्च्या लांब लांब टाकल्या. त्याने लॅपटॉप रंगाच्या डब्यांवर ठेवला.

"वहिनी, तुम्ही आई आहात. म्हणून तुमच्याकडे आलो."

आधी त्याने चित्र दाखवलं. शेवटच्या सकाळचं. नोरा खुर्चीत बसली आहे. चहा समोर, पण कप उचललेला नाही. रेडिओवर नावं चालू आहेत. तिचा एक हात स्वेटरच्या आत छातीशी आहे आणि दुसऱ्या हाताने तिने टेबलाची कड धरली आहे. मान भिंतीकडे. बराच वेळ ती हलत नाही. खिडकीतला उजेड तिच्या गालावरून हळूहळू सरकतो.

"मला वाटलं, ओळखीचं कुणी गेलंय," संजीव म्हणाला. "तिला कुणाची तरी आठवण येतेय. मी श्वास धरून उभा होतो. मनात म्हणत होतो, आजवर एवढं चांगलं काही मिळालं नाही मला. हात लावू नकोस, मध्ये पडू नकोस."

मग पाळीची वेळ झाली म्हणून त्याने कॅमेरा उतरवला आणि काचेतून अंगठा वर करून खुणेने विचारलं, ठीक? तिने अंगठा वर केला. ओठ हलले. ग्रँड.

"विचारलंस ना तू," मी म्हणाले.

"आवाज ऐका."

हेडफोनमध्ये आधी रेडिओ होता. त्याखाली नोराचा श्वास, जिना चढून आल्यासारखा. मग अगदी हळू, स्वतःलाच दटावल्यासारखं, "बघू नकोस. बघायचं नाही, नोरा." पुन्हा श्वास. मग जरा मोठ्याने, "ग्रँड, ग्रँड. जा तू." मग बाहेर त्याची पावलं लांब जातात. मग खुर्ची करकरते.

"गेलास का रे?"

थोडं थांबून, "सॅन्जी?"

ती त्याला सॅन्जी म्हणायची. पुन्हा एकदा, आधीपेक्षा बारीक आवाजात, "सॅन्जी." त्यानंतर फक्त रेडिओ. हवामान, मग गाणी. मी हेडफोन काढले.

शूटिंग संपेपर्यंत ती थांबली होती. त्याचं काम बिघडू नये म्हणून.

"कारखान्यात केसाएवढा ओरखडा पकडतो मी," तो म्हणाला.

रस्त्यावरून एक बाई कुत्रा घेऊन गेली, आम्हाला हात केला. आम्हीही केला.

मग त्याने फोन पुढे केला. शिनेडचा निरोप होता. तुम्ही ममचं चित्रण करत होता हे मला माहीत आहे, ती फोनवर तुमच्याबद्दलच बोलायची. जे असेल ते सगळं पाठवाल का? काही कापू नका. आवाजासकट हवंय. मला तिचा आवाज ऐकायचाय.

"चित्र पाठव," मी म्हणाले. "आधीच्या सगळ्या दिवसांचं पाठव. आवाजाचं म्हणावं, यंत्र बिघडलं."

"बिघडलं नाही."

"संजीव, तिची आई पटकन गेली असं तिला वाटतंय. तेवढंच आहे तिच्याकडे. ती घरी येऊ शकली नाही, खांदा देऊ शकली नाही. तेवढं तरी राहू दे ना रे तिला."

"ते खरं नाही, वहिनी."

"खरं तुझ्या चित्रपटासाठी ठेव!"

मी ओरडलेच. त्याने लॅपटॉप मिटला. मग म्हणाला, "चित्रपट गेला. तो मी करणार नाही. पण नोराला मी शब्द दिला होता, जे टिपेन त्यातलं काही लपवणार नाही. आता ती नाही, तर तो शब्द कुणाचा?" आणि जरा वेळाने, "वैदेहीचं असं काही कुणाकडे असतं, तर तुम्हाला हवं असतं की नको?"

याचं उत्तर काय, हा विचार मी आजही मध्येच सोडून देते.

फाइल नुसती पाठवून द्यायची नाही, आधी आपण तोंडाने सांगायचं, हे त्याने ठरवलं. तिकडे संध्याकाळ असते तेव्हा इकडे सकाळ. पुन्हा आमचं गॅरेज. "तुम्ही इथे बसा, पण चित्रात येऊ नका," तो मला म्हणाला. शिनेड तिच्या स्वयंपाकघरात होती, मागे दुसऱ्या कुणाचा तरी आवाज येत होता. तिची हनुवटी नोराची. संजीवने इथे सांत्वनाला म्हणतात तसं म्हटलं, सॉरी फॉर युअर ट्रबल. मग सांगायला लागला. सारवासारव केली नाही, रडला नाही. तिने चहा उचलला नव्हता, हात छातीशी होता, मी समोर होतो, मला कळलं नाही. मीच तिला इकडे बघू नका म्हणून सांगितलं होतं. मी गेल्यावर तिने मला हाक मारली. दोनदा. ते आवाजात आहे. तुम्हाला हवं तर पाठवतो, नको तर मी माझ्याजवळही ठेवणार नाही.

सगळा वेळ तो पडद्यावर नाही, पडद्याच्या वरच्या बारक्या भिंगात बघत होता. तिला तो डोळ्याला डोळा दिसावा म्हणून. आयुष्यभर दुसऱ्याला जे करू नका म्हणाला, ते करत होता.

तिकडे मागचा आवाज बंद झाला होता. मला वाटलं चित्र अडकलंय. मग शिनेडने पापण्या हलवल्या.

"ती मोबाइल खिशात का ठेवत नव्हती," ती म्हणाली. प्रश्न नव्हता तो. मग, "पाठवा."

"हो."

"ग्रँड सो," शिनेड म्हणाली, आणि चित्र गेलं.

संजीव काळ्या पडद्यासमोर तसाच बसला होता. मी त्याला पाणी दिलं. त्याने ग्लास घेतला, प्यायला नाही.

"वहिनी, हे कोणतं ग्रँड?"

त्याच दुपारी त्याने सगळं पाठवलं. कुणी उघडलं की त्याला कळेल अशी सोय त्यात होती. फेब्रुवारी गेला, मार्च गेला. कॅमेरा प्रेसमध्ये गेला, म्हणजे इथल्या भाषेत कपाटात, इस्त्रीच्या टेबलाच्या मागे. गणपती मंडळाच्या लोकांनी ऑनलाइन कार्यक्रमासाठी विचारलं, तेव्हा तो म्हणाला, दुसरं कुणी बघा. सुनेत्रा त्याला फोनवर म्हणाली, "अरे, कोपर तर कोपर, काढ ना." तो हसला म्हणे, पण आला नाही. नोराच्या घराला 'विकणे आहे'ची पाटी लागली. तिथे कचरा करणारं कुणी उरलं नव्हतं, तरी बिनच्या दिवशी तो तिचा रिकामा बिन रस्त्याला लावायचा आणि संध्याकाळी आत ओढायचा.

जूनमध्ये एका सकाळी मी कुंपणाशी होते. तो बिन ओढत आला आणि थांबला.

"उघडलं तिने. काल."

"कोणतं?"

"शेवटचं. आवाजाचं."

"पूर्ण?"

"पूर्ण. दोनदा."

"काही लिहिलं?"

त्याने नकारार्थी मान हलवली. मग बिनचं झाकण नीट बसवलं, चाकं रस्त्याच्या कडेला सरळ लावली आणि नोराच्या खिडकीकडे न बघता पाळीला निघून गेला.